बोगोमिल आणि कॅथर: एक नाव संस्थापकाचं, एक लोकांनी ठेवलेलं

मध्ययुगीन युरोपबद्दल वाचताना बोगोमिल आणि कॅथर ही नावं इतक्यांदा जोडीनं येतात की दोन्ही पंथ एकच वाटायला लागतात. आत्मा देवाचा, पण डोळ्यांना दिसणारं जग सैतानाच्या हातचं, हा द्वैती विचार दोघांचाही. क्रूसाचंही दोघांना वावडं. घोळ होणारच.

बोगोमिल आधीचे. दहाव्या शतकात, झार पीटरच्या बल्गेरियात बोगोमिल नावाच्याच एका पाद्र्यानं हा पंथ काढला. स्लाव्ह भाषेत ‘बोग’ म्हणजे देव आणि ‘मिल’ म्हणजे प्रिय. हा ‘बोग’ आपल्या भगवंतातल्या ‘भग’चा नातलग. कॉस्मास नावाच्या विरोधकानं लगेच टोमणा मारला: हा कसला बोगोमिल, हा तर ‘बोगु नेमिल’, देवाला नावडता! अशोकाच्या ‘देवानांप्रिय’ या बिरुदाचा पुढे संस्कृतात ‘मूर्ख’ असा अर्थ झाला, ते इथे हटकून आठवतं.

पंथ कॉन्स्टँटिनोपलपर्यंत पोचला. तिथे सम्राट अलेक्सियसनं बेसिल या त्यांच्या म्होरक्याला राजवाड्यात बोलावलं, शिष्य व्हायची इच्छा असल्यागत गोड बोलून त्याला बोलतं केलं. पडद्याआड लेखनिक शब्द न् शब्द टिपत होता. मग पडदा सरकला. शेवटी बेसिलला जिवंत जाळलं. ही हकीकत सम्राटाच्या मुलीनं, ॲना कोम्नेनानं, लिहून ठेवली आहे.

कॅथर बाराव्या शतकातले, मुख्यतः दक्षिण फ्रान्स आणि उत्तर इटलीतले. ते स्वतःला नुसतं ‘भली माणसं’ किंवा ‘भले ख्रिस्ती’ म्हणवत. ‘कॅथर’ हे लेबल विरोधकांनी चिकटवलेलं. 1163 च्या सुमारास एकबर्ट या जर्मन मठवासीनं ते ग्रीक ‘कथारोई’शी, म्हणजे ‘शुद्ध’शी जोडलं. अलाँ द लील या विद्वानानं तर ‘कॅटस’, म्हणजे मांजर, असाही अर्थ काढला: म्हणे हे लोक मांजराच्या पार्श्वभागाचं चुंबन घेतात, कारण त्या रूपात सैतान येतो! व्युत्पत्ती कसली, ही निव्वळ शिवी. 1209 मध्ये पोपनं त्यांच्यावर धर्मयुद्धच लादलं आणि 1244 मध्ये माँसेग्यूरचा किल्ला पडल्यावर दोनशेहून अधिक जण चितेवर गेले.

फ्रेंचांनी मात्र दोघांना एकाच शब्दात कोंबलं. पाखंड बल्गेरियातून आलं, म्हणून पाखंडी तो ‘बुग्र’, म्हणजे बल्गेरियन. इंग्रजीतली ‘बगर’ ही शिवी तिथूनच आली.