कोल्हापुरी बोलीतील वाक्प्रयोग

कोल्हापूर शहर आणि करवीर, कागल, पन्हाळा, हातकणंगले, शिरोळ या तालुक्यांत रोजच्या बोलण्यात रुजलेली संबोधने, दाद देण्याचे उद्गार, लाडाच्या शिव्या आणि जुने वाक्प्रचार यांना मिळून ढोबळमानाने ‘कोल्हापुरी बोलणे’ म्हटले जाते. जिल्ह्याच्या दक्षिण टोकाकडील चंदगडची बोली पुष्कळ वेगळी असल्याने तिचा विचार येथे केलेला नाही. या नोंदीतले बरेच शब्द सांगली-साताऱ्याकडेही ऐकू येतात. तरीही कोल्हापूरकराला आपला माणूस दोन वाक्यांत ओळखू येतो, कारण शब्द कोणाला, कोणत्या सुरात आणि किती जवळिकीने म्हणायचा याचे येथील संकेत पक्के आहेत. शब्दाचा अर्थ नीट कळायचा तर तो उसाच्या रानातून आला, तालमीच्या हौद्यातून (कुस्तीच्या मातीच्या आखाड्यातून) आला की पेठेच्या कट्ट्यावरून, हे आधी पाहावे लागते.

‘बेणं’ हा याचा उत्तम नमुना होय. उसाची लागण करताना निरोगी उसाच्या दोन-तीन डोळ्यांच्या कांड्या तोडून त्या सरीत दाबतात. या कांड्यांना बेणे म्हणतात. लागणीचे पीक आणि त्यामागून येणारा खोडवा (तोडणीनंतर त्याच बुडख्यांना फुटून येणारे पीक), दोन्ही या बेण्याच्या गुणावर उभी असतात, आणि डोळे मेलेले किंवा कीड लागलेले बेणे रानात गेले तर शेतकऱ्याचे सबंध वर्ष वाया जाते. ज्या मुलखात ही गोष्ट घरोघर ठाऊक आहे, तेथे माणसाचा वाणही ‘बेणं’ या शब्दाने जोखला जावा हे स्वाभाविक आहे. ‘लय बेणं हाय ते’ म्हणजे तो वरून दिसतो तितका साधा नाही, बारा गावचे पाणी प्यालेला आहे. ‘किडकं बेणं’ हे कारस्थानी माणसाला लागू पडते, तसेच व्रात्य मुलालाही. येथे नपुंसकलिंगाचा वापर लक्षात घेण्याजोगा आहे. ‘तो’ चे ‘ते’ झाले की माणूस एकाच वेळी लहानही होतो आणि जवळचाही होतो. पावसात चिंब होऊन आलेल्या नातवाचे डोके पदराने खसाखसा पुसताना आजी ‘किडक्या बेण्या, ताप आला म्हंजे?’ असे म्हणते, तेव्हा त्या शिवीत रागापेक्षा काळजीच अधिक असते, आणि नातवालाही ते कळते. हाच शब्द परक्याने तिऱ्हाइताला उद्देशून उच्चारला, तर मात्र हातघाईची वेळ येऊ शकते.

व्याकरणाची काही वैशिष्ट्येही या वाक्प्रयोगांना आपला रंग देतात. ‘गेलो होतो’ चे ‘गेलतो’, ‘काय करतो आहेस’ चे ‘काय करायलायस’, ‘फार’ ऐवजी ‘लय’, ‘होय’ ऐवजी ‘व्हय’ ही रूपे सर्वपरिचित आहेत. त्यांहून विशेष म्हणजे या भागातील मुली आणि स्त्रिया स्वतःविषयी बोलताना अनेकदा पुल्लिंगी क्रियापद योजतात. ‘कुठं गेलतीस गं?’ या प्रश्नाला ‘जोतिबाला गेलतो, आत्ताच आलो’ असे उत्तर मिळते. विचारणारी व्यक्ती ‘गेलतीस’ हे स्त्रीलिंगी रूप वापरते आणि उत्तर देणारी ‘गेलतो’ म्हणते, या दोहोंत बोलणाऱ्यांना काहीच विसंगत वाटत नाही. पुण्या-मुंबईकडे शिकायला गेलेल्या मुलींची या रूपांवरून थट्टा होते. ती थट्टा अज्ञानातून होते, कारण हे चुकीचे मराठी नसून प्रथमपुरुषी रूपात लिंगभेद न पाळण्याची बोलीची स्वतःची रीत आहे. ‘अण्णा’, ‘अक्का’, ‘अप्पा’ ही नाती मात्र कन्नडच्या शेजारातून आली आणि पूर्णपणे घरची झाली.

तालमीने या बोलीला सर्वांत जास्त शब्द दिले असावेत. राजर्षी शाहू महाराजांनी (१८७४–१९२२) कुस्तीला राजाश्रय दिला, १९१२ मध्ये खासबागचे मैदान उभे राहिले, आणि गंगावेश, मोतीबाग, शाहूपुरी अशा तालमींमुळे पैलवानांची भाषा पेठापेठांत पसरली. हळद, तेल, ताक, लिंबू आणि काव घालून मुरवलेल्या हौद्यातील तांबड्या मातीला कोल्हापुरात मान आहे. पण तीच माती पाठीला लागली की माणूस हरला. म्हणून ‘पाठीला माती लागू दिली न्हाई’ हे वाक्य कर्ज फेडणाऱ्या शेतकऱ्याबद्दल बोलले जाते, तसेच निवडणूक जिंकलेल्या उमेदवाराबद्दलही. समान ताकदीच्या दोघांची लढत ती ‘काटाजोड’; आधीच संगनमत करून खेळलेली ती ‘नुरा कुस्ती’, आणि हे दोन्ही शब्द आज राजकीय बातम्यांत सर्रास येतात. ‘त्यो माज्या जोडीचा न्हाई’ असे म्हणणारा समोरच्याला कमी लेखत असेलच असे नाही. कुस्तीच्या मैदानात जोड पाहूनच लढत लावतात, त्यामुळे आपल्यापेक्षा हलक्याशी झुंजणे हाच कमीपणा, असा त्याचा भाव असतो. मांडीवर थाप मारून आव्हान देणे म्हणजे शड्डू ठोकणे. वस्तादाने एक डाव स्वतःपाशी राखून ठेवलेला असतो, हे वाक्य तर तालमीची पायरी न चढलेल्या दुकानदाराच्याही तोंडी असते. येथील फुटबॉल संघ तालीम मंडळांच्याच नावाने मैदानात उतरतात. त्यामुळे कुस्तीची ही भाषा शाहू स्टेडियमच्या गर्दीतही सहज चालते.

दाद देण्याच्या उद्गारांपैकी ‘नाद खुळा’ महाराष्ट्रभर पोचला आहे. नाद म्हणजे छंद, ध्यास. खुळा म्हणजे वेडा. एखाद्याने आपल्या नादापायी वेडे होऊन असे काही करून दाखवले की पाहणाऱ्याचे भान हरपावे, तर तो ‘नाद खुळा’. ‘नाद करायचा न्हाई’ ही धमकी होते, आणि ‘त्येच्या नादाला लागू नगंस’ हा वडीलधाऱ्यांचा सल्ला. तिन्ही ठिकाणी शब्द तोच आहे. ‘तोडलंस मर्दा’ ही केलेल्या कामाची पावती असते. ‘जाळ आन् धूर संगटच’ हे परिणाम क्षणात दिसला असे सांगते: चूल पेटवताना आधी धूर होतो आणि जाळ मागून धरतो, येथे मात्र दोन्ही एकदमच. ‘खटक्यावर बोट, जाग्यावर पलटी’ याचाही आशय तोच. खटका म्हणजे बंदुकीचा चाप. ‘बुक्कीत टेंगूळ’ म्हणजे एका ठोशात काम तमाम. ‘शिस्तीत’ या शब्दाचा येथील अर्थ कवायतीतल्या शिस्तीहून निराळा आहे. ‘शिस्तीत जा’ म्हणजे घाई करू नकोस, सांभाळून जा, आणि घरातून निघणाऱ्या माणसाला हा निरोप प्रेमानेच दिला जातो. मर्यादा सोडून वागणारा ‘वाढीव’ ठरतो. रंकाळ्यावर किंवा एखाद्या तिकटीवर (जेथे तीन रस्ते मिळतात ती तिकटी) भेटलेला अनोळखी माणूस ‘पावणं’ असतो, आणि ‘काय पावणं, कुठल्या गावचं?’ या प्रश्नानंतर चहा येईपर्यंत तो ‘भावा’ झालेला असतो.

सार्वजनिक जीवनातील ‘ढपला’ हा शब्द कोल्हापूरच्या बोलीने मराठी पत्रकारितेला दिलेला मोलाचा शब्द आहे. लाकडाची ढलपी, भिंतीवरून सुटलेला पापुद्रा यांच्या कुळातला हा शब्द आहे. मोठ्या वस्तूला धक्का न लावता तिचा तुकडा अलगद काढून घेणे, हे चित्र त्यामागे आहे. सार्वजनिक कामातून कोणाच्या नजरेत न येता आपला वाटा काढणे म्हणजे ‘ढपला पाडणे’. भ्रष्टाचार या संस्कृत वजनाच्या शब्दाने जे सांगता येत नाही ते या शब्दाने नेमके सांगितले जाते, कारण त्यात कृतीची पद्धतही दिसते. २०१९ च्या लोकसभा निवडणुकीत ‘आमचं ठरलंय’ ही दोन शब्दांची घोषणा येथूनच राज्यभर गाजली. कट्ट्यावर चर्चा संपवताना जे सहज म्हटले जाते, तेच वाक्य मतदारापुढे आले आणि लगेच पटले.

बायकांच्या तोंडच्या जुन्या शिव्यांचा अभ्यास पुरेसा झालेला नाही, ही खंतावण्याजोगी गोष्ट आहे. ‘मुडदा बशिवला तुजा’ ही त्यांतली ठळक शिवी होय. मुडदा ‘बसवणे’ ही कल्पना मृताला बसलेल्या स्थितीत पुरण्याच्या लिंगायत प्रथेशी जुळते, आणि या भागात लिंगायत वस्ती जुनी व मोठी आहे. शब्दशः पाहता ही भयंकर शिवी, परंतु दूध उतू गेले, मांजर आत शिरले किंवा पोराने पाटी फोडली एवढ्यावरही ती उच्चारली जाते आणि ऐकणाऱ्याच्या अंगाला लागत नाही.

जुन्या चलनातील शब्द वृद्धांच्या बोलण्यात अजून टिकून आहेत. १ एप्रिल १९५७ रोजी दशमान नाणी येण्यापूर्वी रुपयाचे १६ आणे, ६४ पैसे किंवा १९२ पै होत असत. त्या हिशोबाने पूर्ण खरी गोष्ट ‘सोळा आणे खरी’, बुद्धीने थोडा कमी असलेला ‘चार आणे कमी’, आणि निष्कलंक माणूस हा ‘बंदा रुपया’. बंदा म्हणजे न मोडलेला, सुटे न केलेला. जुना व्यापारी रुपया दगडावर वाजवून त्याची खणखण ऐके आणि मगच तो गल्ल्यात टाकी. गुळाच्या पेठेत आजही एखाद्या अडत्याविषयी कोणी चौकशी केली, तर जाणता हमाल हातातली ढेप खाली ठेवून एवढेच सांगतो, ‘बंदा रुपाया हाय, डोळं झाकून माल टाका.’