४००४ हे साल बायबलात नाही

‘बायबलच्या मते जग इसवीसनपूर्व ४००४ मध्ये निर्माण झालं’ असं वर्षानुवर्षं सांगितलं जातं. बायबल उघडून पाहा, हे साल त्यात कुठेच नाही. आयर्लंडचे आर्चबिशप जेम्स अशर यांनी १६५० मध्ये वंशावळींतली वयं आणि राजांचे कार्यकाळ जुळवून हे साल काढलं. हिशेब मेहनतीचा होता, पण होता माणसाचाच. पुढे १७०१ च्या इंग्रजी बायबलात तो समासात छापला गेला आणि समासातली टीप लोक मूळ वचन म्हणून वाचू लागले.

आता उत्पत्तीचा, म्हणजे बायबलातल्या पहिल्या पुस्तकाचा, पहिला अध्याय नीट वाचा. ‘संध्याकाळ झाली, सकाळ झाली, हा पहिला दिवस’ असं तिथे आहे. सूर्य मात्र येतो चौथ्या दिवशी! मग आधीच्या तीन संध्याकाळी कसल्या? हा प्रश्न विज्ञानाने उभा केलेला नाही. तिसऱ्या शतकात ओरिजेन या ख्रिस्ती धर्मपंडिताने तो विचारला, पाचव्या शतकात ऑगस्टीन या दुसऱ्या धर्मपंडिताने. हे दिवस आपल्या रोजच्या दिवसांसारखे नाहीत, असं ऑगस्टीनने सरळ लिहून ठेवलं. डार्विनच्या चौदाशे वर्षं आधी! म्हणून ‘विज्ञानापुढे हरल्यावर बायबलचा अर्थ बदलला’ हा आरोप मला अन्यायाचा वाटतो.

पृथ्वीचं वय सुमारे ४५४ कोटी वर्षं, हे किरणोत्सारी मोजणीतून ठरलं. तो आकडा उत्पत्तीच्या ओळींत शोधणंही तितकंच चुकीचं. विश्व प्रसरण पावतंय हे १९२७ मध्ये मांडणारे जॉर्ज लमेत्र स्वतः कॅथलिक धर्मगुरू होते. १९५१ मध्ये पोपनी विश्वाच्या आरंभीच्या महास्फोटाची (बिग बँग) सांगड बायबलातल्या निर्मितीशी घातली, तेव्हा लमेत्र यांनाच ते रुचलं नाही.