पोलीस भरतीचा निकाल मान्य नाही? मॅटमध्ये अर्ज कोण करू शकतो, कागद कोणते, मुदत किती

पोलीस शिपाई भरतीत मैदानी चाचणीचे 50 आणि लेखीचे 100 गुण. अर्ध्या गुणाने यादी वरखाली होते, आणि निकाल लागला की अन्याय झाल्याची भावना घेऊन बरीच मुलं थेट उच्च न्यायालयाचा विचार करतात. राज्य पोलीस दलातील भरतीचा वाद, मग तो जिल्हा पोलीस, राज्य राखीव दल किंवा लोहमार्ग पोलिसांचा असो, आधी महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, म्हणजे मॅटमध्ये जातो. मुख्य पीठ मुंबईत आहे, शिवाय नागपूर आणि छत्रपती संभाजीनगरला पीठे आहेत. मॅटचा निर्णय पटला नाही तरच उच्च न्यायालयाच्या दोन न्यायाधीशांच्या खंडपीठाकडे जाता येते. सीआरपीएफसारख्या केंद्रीय सशस्त्र दलांच्या भरतीला मात्र हा मार्ग नाही. तिथे उच्च न्यायालयच.

आता सगळ्यात महत्त्वाचं. निवड यादीत नाव आलं म्हणजे नियुक्तीचा हक्क मिळाला, असं कायदा मानत नाही. शंकरसन दाश प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने 1991 मध्ये हे स्पष्ट केलं. पण त्याच निकालात दुसरी बाजूही आहे: सरकारला मनमानी करता येत नाही, जागा न भरण्याला योग्य कारण लागतं आणि जागा भरायच्या तर गुणवत्तेचा क्रम पाळावाच लागतो. म्हणून ‘मला नोकरी द्या’ एवढ्यावर अर्ज उभा राहत नाही. कोणता नियम मोडला आणि त्यामुळे कमी गुणांचा कोण पुढे गेला, हे दाखवावं लागतं.

टिकणारे मुद्दे साधारण ठरलेले आहेत. मागास प्रवर्गातील मुलीला खुल्या महिला जागेवरच्या शेवटच्या उमेदवारापेक्षा जास्त गुण असूनही डावललं, तर उत्तर प्रदेश पोलीस भरतीवरचा सर्वोच्च न्यायालयाचा 2020 चा सौरव यादव निकाल तिच्या बाजूने आहे. प्रक्रिया सुरू झाल्यावर निकष बदलले, तर नोव्हेंबर 2024 चा तेजप्रकाश पाठक निकाल पाहा. साक्षांकन नमुन्यात, म्हणजे चारित्र्य पडताळणीसाठी भरून द्यायच्या फॉर्ममध्ये, गुन्हा लपवल्याचं कारण देऊन नाव काढलं असेल, तर 2016 च्या अवतार सिंग निकालानुसार गुन्ह्याचं स्वरूपही पाहावं लागतं. उत्तरतालिकेचा वाद अवघड: उत्तर उघडपणे चूक नसेल, तर संशयाचा फायदा परीक्षा घेणाऱ्याला मिळतो.

कागद आजच गोळा करा. जाहिरात, भरलेल्या अर्जाची प्रत, प्रवेशपत्र, मैदानी व लेखीचे गुण, उत्तरतालिका आणि घेतलेल्या हरकतीची पोच, तात्पुरती व अंतिम निवड यादी, प्रतीक्षा यादी, जात आणि नॉन-क्रिमिलेअर प्रमाणपत्र, खेळाडू, प्रकल्पग्रस्त किंवा माजी सैनिक असल्याचा दाखला. संकेतस्थळावरच्या याद्या कधीही हटू शकतात, म्हणून त्या तारखेसह उतरवून ठेवा. जे मिळत नाही ते माहिती अधिकारात मागा: शुल्क 10 रुपये, उत्तराची मुदत 30 दिवस. महाराष्ट्रात अर्ज एका विषयाचा आणि 150 शब्दांतला असावा.

मॅटमध्ये जाण्याआधी पोलीस अधीक्षक, आयुक्त किंवा समादेशक, जो घटकप्रमुख असेल त्याला लेखी निवेदन द्या आणि पोच घ्या. मॅटसाठी मुदत अंतिम आदेशापासून एक वर्ष आहे. नियमाने दिलेल्या अपिलावर किंवा निवेदनावर सहा महिन्यांत उत्तर नाही आलं, तर त्या सहा महिन्यांनंतर एक वर्ष. मात्र निवेदनावर निवेदन देत राहिल्याने मुदत वाढत नाही. उशीर झालाच, तर कारणांसह विलंब माफीचा वेगळा अर्ज जोडावा लागतो. आणि वर्ष आहे म्हणून थांबू नका. इतरांना नियुक्तीपत्रं मिळून ते प्रशिक्षणाला गेले की दिलासा मिळणं कठीण होतं. एखादी जागा राखून ठेवण्याचा अंतरिम आदेश मागायचा तो त्याआधीच.

अनेक अर्ज एकाच ठिकाणी अडतात. ज्यांची निवड रद्द करायची मागणी आहे, त्यांना प्रतिवादी केलेलंच नसतं. निदान काही निवडलेले उमेदवार तरी पक्षकार हवेत. अर्ज स्वतः चालवता येतो, वकील सक्तीचा नाही. तरीही सेवाविषयक प्रकरणं नेहमी चालवणाऱ्या वकिलाला मसुदा दाखवूनच तो दाखल करा.