कार्ट्रिजमधली बदकं

कंजूष स्क्रूज बदक हातातली काठी जमिनीवर आपटत टुणटुण उड्या मारतो आणि खजिन्याच्या नादात थेट चंद्रावर पोचतो. डिस्नेच्या कार्टूनवरचा, कॅपकॉम कंपनीचा 'डकटेल्स' हा व्हिडिओ गेम १९८९ साली निन्टेन्डोच्या एनईएस या टीव्हीला जोडायच्या गेमयंत्रासाठी निघाला. त्या यंत्राची रॅम, म्हणजे खेळ चालू असताना वापरायची स्मृती, होती अवघी २ किलोबाइट!

असा गेम जपायचा तर आधी तो चिपमधून बाहेर काढावा लागतो. ही चिप ज्या डबीत असते ती कार्ट्रिज. तिच्यातला प्रत्येक बाइट वाचून फाइलमध्ये उतरवतात. याला 'डंप' म्हणतात. मग त्या फाइलचा हॅश, म्हणजे ठरलेल्या गणिताने निघणारा आकडा, दुसऱ्या कार्ट्रिजच्या डंपशी ताडून पाहतात. एक बिट जरी चुकला तरी आकडा पार बदलतो. दुकानात विकल्या गेलेल्या कार्ट्रिजमध्ये मजकूर कारखान्यातच चिपवर कोरलेला असतो, त्यामुळे तो बराच टिकतो. खरी घाई असते ती कधीच विक्रीला न आलेल्या कच्च्या आवृत्त्यांची. त्या बहुधा ईप्रॉम या पुसून पुन्हा लिहिता येणाऱ्या चिपवर असतात. तिथे माहिती म्हणजे कोंडून ठेवलेला विद्युतभार, आणि तो वर्षानुवर्षं झिरपत राहतो.

डंप हाती आला की इम्युलेटर लागतो. हा जुन्या यंत्राचं सोंग घेणारा प्रोग्राम. प्रोसेसरच्या सूचना वठवणं त्यातल्या त्यात सोपं. प्रोसेसर, चित्र काढणारी चिप आणि आवाज यांचा ताल सांभाळणं महाकठीण. त्यात जुन्या टीव्हीचीही नक्कल करावी लागते. सेगा या दुसऱ्या गेमयंत्र कंपनीच्या अनेक गेममध्ये रंग कमी पडले की चित्रकार दोन रंगांचे ठिपके बुद्धिबळाच्या पटासारखे मांडत. टीव्हीच्या धूसर सिग्नलमध्ये ते मिसळून तिसरा रंग दिसे. आजच्या लख्ख पडद्यावर मात्र नुसती जाळी दिसते. चित्रकाराची चूक नाही, पडदा बदलला.

हे सगळं जमलं तरी करारनामे उरतातच, आणि माझ्या मते कार्टूनवरच्या गेमचं खरं दुखणं तेच. पात्रं एकाची, प्रोग्राम दुसऱ्याचा. परवाना संपला की विक्री बंद. 'डकटेल्स' २०१३ मध्ये नव्याने रंगवून आला, २०१९ मध्ये ऑनलाइन दुकानांतून गायब झाला आणि २०२० मध्ये परतला. सगळ्यांचं नशीब असं नसतं. अमेरिकेत २०१० पूर्वी निघालेल्या गेमपैकी ८७ टक्के आता बाजारात मिळतच नाहीत, असं व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशनच्या २०२३ च्या अभ्यासात आढळलं.

खेळायला बसलात की एक गंमत बघा. एनईएसला पडद्याच्या एका आडव्या ओळीत आठच हलत्या आकृत्या दाखवता येत. नववी आली की प्रोग्रामर त्यांना आळीपाळीने दाखवत, म्हणून गर्दी झाली की पात्रं लुकलुकतात. काही इम्युलेटरमध्ये ही मर्यादा उठवता येते. मी उठवत नाही. लुकलुक थांबली की स्क्रूज फारच गुळगुळीत वाटतो.