परदेशात बेपत्ता झालेल्या नागरिकांचा शोध : सरकारची जबाबदारी

आपला माणूस दुसऱ्या देशात गेला आणि तिथे त्याचा ठावठिकाणाच लागेना, तर त्याला शोधायला सरकारने काय करायचं, याबद्दलचे करार, प्रघात आणि कोर्टाचे निकाल या विषयात येतात. तपास तिथल्या पोलिसांचाच असतो. आपला दूतावास परक्या देशात स्वतः तपास करू शकत नाही, तो पाठपुरावा करतो.

उगमाबद्दल एकमत नाही. काहीजण थेट ग्रीक नगरराज्यांतल्या प्रॉक्सेनॉसपर्यंत (परक्या शहराच्या लोकांची काळजी घेणारा माणूस) मागे जातात, पण तो यजमान शहराचाच रहिवासी असायचा आणि त्याचं काम बरंचसं पाहुणचार आणि मध्यस्थीचं, त्यामुळे हा धागा जरा ताणलेलाच वाटतो. साधारण बाराव्या-तेराव्या शतकापासून भूमध्य समुद्रावरच्या बंदरांत इटालियन व्यापारी शहरांचे कॉन्सल, म्हणजे तिथे नेमलेले प्रतिनिधी दिसतात, ते आपल्या लोकांचे तंटे मिटवायचे, हित बघायचे. हा उगम जास्त पटतो. कर्तव्याची भाषा मात्र बरीच नंतरची. १७५८ साली व्हातेल या स्विस कायदेपंडिताने मांडलं की नागरिकाशी गैरवागणूक म्हणजे आडून राष्ट्रालाच इजा, आणि १९२४ च्या माव्ह्रोमॅटिस खटल्यात तेव्हाचं आंतरराष्ट्रीय कोर्टही म्हणालं की नागरिकाची बाजू घेताना राज्य खरं तर स्वतःचाच हक्क बजावत असतं. गोम इथेच आहे : हक्क राज्याचा, तर तो वापरायचा की नाही हेही राज्यच ठरवणार (बार्सिलोना ट्रॅक्शन निकाल, १९७०). ब्रिटनमधला अब्बासी खटला (२००२) आणि दक्षिण आफ्रिकेतला कौंडा खटला (२००४) यांनी मधली वाट काढली, की मदत मिळेलच असा हक्क नाही, पण विनंतीचा नीट विचार झाला पाहिजे. संयुक्त राष्ट्रांच्या आंतरराष्ट्रीय विधी आयोगाच्या २००६ च्या मसुद्यातही साधारण हेच आहे, तेही शिफारस म्हणून. सध्या हीच भूमिका टिकाऊ दिसते.

परदेशातल्या वकिलातींच्या कामाबद्दलच्या १९६३ च्या व्हिएन्ना कॉन्सुलर करारात (भारत १९७७ पासून सामील) बेपत्ता माणसासाठी वेगळं कलम नाही. कलम ५ मध्ये नागरिकांना मदत करणं हे मोघम काम दिलंय आणि कलम ३७ मृत्यू, पालकत्व आणि जहाज-विमान अपघातांबद्दल आहे. प्रत्यक्षात कामाला येतं ते कलम ३६, कारण बेपत्ता म्हणून नोंदलेला माणूस कधीकधी तुरुंगात सापडतो, आणि अटकेतल्या माणसाने मागणी केली तर त्याच्या दूतावासाला विनाविलंब कळवावं लागतं. विनाविलंब म्हणजे किती, यावरच खूप वाद झालाय. आवेना निकालात (२००४) आंतरराष्ट्रीय कोर्ट म्हणालं की अटक होताक्षणीच असा अर्थ नाही. कुलभूषण जाधव प्रकरणात पाकिस्तानच्याच म्हणण्याप्रमाणे अटक ३ मार्च २०१६ ची आणि भारताला कळवलं २५ मार्चला. या तीन आठवड्यांना कोर्टाने जुलै २०१९ मध्ये करारभंग ठरवलं. हा हक्क त्या माणसाचाही आहे हे त्याआधी लाग्रांड निकालात (२००१) ठरलंच होतं.

भारतात यासाठी स्वतंत्र कायदा नाही, कारभार परराष्ट्र मंत्रालयाच्या यंत्रणेवर चालतो. घरच्यांनी गावच्या पोलीस ठाण्यात मिसिंगची तक्रार द्यायची, मंत्रालयाच्या २०१५ पासून असलेल्या मदद या तक्रार पोर्टलवर नोंद करायची. इंटरपोलची यलो नोटीस (बेपत्ता माणसाच्या शोधासाठीची) लागलीच तर ती सीबीआयमार्फत निघते. वकिलातीकडे २००९ पासून भारतीय समुदाय कल्याण निधी आहे, त्यातून अडकलेल्यांचा परतीचा खर्च किंवा मृतदेह आणण्याचा खर्च होतो.

सगळ्यात गाजलेलं प्रकरण इराकमधल्या मोसुलचं. जून २०१४ मध्ये इसिसने पळवलेले ३९ भारतीय कामगार जिवंत नाहीत हे सुषमा स्वराज यांनी राज्यसभेत २० मार्च २०१८ ला सांगितलं. बदुश इथल्या टेकाडाखाली रडारने शोध घेतला, उकरल्यावर लांब केस, कडं, इराकी नसलेले बूट सापडले, मग डीएनए जुळवले गेले. घरच्यांना जवळपास चार वर्षं नक्की काही कळलं नव्हतं, आणि सरकारने पुरावा हाती येईपर्यंत मृत्यू जाहीर न करणं बरोबर होतं का, यावर तेव्हा बरीच टीका झाली.

पाकिस्तानशी २००८ चा वेगळा करार आहे, त्यानुसार १ जानेवारी आणि १ जुलैला कैदी व मच्छीमारांच्या याद्या बदलतात. गुजरातच्या बोटींवर खलाशी म्हणून जाणाऱ्या पालघरच्या लोकांच्या घरी या याद्यांना फार महत्त्व. १९७१ च्या युद्धातले 'मिसिंग ५४', म्हणजे बेपत्ता झालेले भारतीय सैनिक, मात्र आजही तसेच, पाकिस्तान ते आपल्याकडे असल्याचंच नाकारतं. समुद्रात माणूस नाहीसा झाला तर गुंता आणखी वाढतो, कारण चौकशीची पहिली जबाबदारी जहाजावर झेंडा ज्या देशाचा त्याच्यावर असते, खलाशी रत्नागिरीचा असो की मडगावचा.

सात वर्षं खबर नसेल तर माणूस मेला असं कोर्ट धरून चालू शकतं (भारतीय साक्ष्य अधिनियम २०२३, कलम १११, जुनं १०८). पण हे गृहीतक मृत्यूच्या तारखेला लागू होत नाही, असं सुप्रीम कोर्टाने २००४ च्या एका विमा खटल्यात सांगितलंय, म्हणजे मधल्या काळात हप्ते थकले तर पॉलिसी बंद पडलेली असू शकते.