वारसा फेरी, नाशिकमधील

नाशिकचे जुने गावठाण व पंचवटी या भागांतील इतिहास आणि वास्तू जाणकाराबरोबर पायी फिरून समजून घेण्याचा उपक्रम. बोलण्यात ‘हेरिटेज वॉक’ असेच म्हणतात. फेरी बहुधा रविवारी सकाळी, सराफ बाजार व भांडी बाजार उघडण्यापूर्वी निघते. १८ एप्रिलचा जागतिक वारसा दिन आणि १९ ते २५ नोव्हेंबरचा वारसा सप्ताह या दिवसांत फेऱ्या अधिक होतात.

या प्रथेचे मूळ दोन ठिकाणी दाखविता येते. नाशिक हे तीर्थक्षेत्र असल्याने यात्रेकरूला गाव दाखविण्याची रीत येथे जुनीच आहे. तीर्थोपाध्याय आपल्या वह्यांतून यजमानाच्या घराण्यातील आधी येऊन गेलेल्यांची नावे काढून दाखवीत आणि रामकुंड, कपालेश्वर, काळाराम, सीतागुंफा अशा क्रमाने दर्शन घडवीत. दुसरे मूळ अलीकडचे आहे. अहमदाबादेत १९ नोव्हेंबर १९९७ रोजी काळुपूरच्या स्वामीनारायण मंदिरापासून जामा मशिदीपर्यंतची नियमित फेरी सुरू झाली आणि पुढे अनेक भारतीय शहरांना ती नमुना ठरली. नाशिकच्या फेरीने वाट यात्रेकरूंची घेतली, पण वाटेत विचारले जाणारे प्रश्न (कोणी बांधले, केव्हा, कशाने, कोणाला आत येऊ दिले नाही) या दुसऱ्या परंपरेतले आहेत. त्यामुळे तिला तीर्थयात्रेचे नवे रूप म्हणण्यापेक्षा स्वतंत्र प्रथा मानणे अधिक योग्य.

फेरीत सर्वाधिक चर्चा होते ती गावाच्या प्राचीनतेची. ‘नाशिक नव टेकांवर वसविले’ ही म्हण जुनी आहे. जुनी गढी, नवी गढी, चित्रघंटा, डिंगर आळी, सोनार आळी अशी टेकांची (लहान टेकड्यांची) नावे सांगतात. मात्र सर्व याद्या जुळत नाहीत, आणि नऊ हा आकडा काटेकोर मोजणीचा नसून परंपरेचा असावा. चढउतार मात्र खरा आहे. सराफ बाजारातून तिवंध्याकडे किंवा डिंगर आळीकडे वळले की पायांना तो लगेच कळतो. गाडीतून जाताना हे लक्षात येत नाही, आणि पायी फेरीचा खरा लाभ येथेच आहे.

या टेकांपैकी पुरातत्त्वदृष्ट्या महत्त्वाचे म्हणजे गोदावरीच्या उजव्या काठावरील जुनी गढी, सध्याची काझीची गढी. डेक्कन कॉलेजच्या वतीने ह. धी. सांकलिया व शां. भा. देव यांनी १९५०-५१ मध्ये येथे उत्खनन केले. नाशिक व जोर्वे येथील कामाचा एकत्रित अहवाल १९५५ मध्ये प्रसिद्ध झाला. सर्वांत खालच्या वस्तीच्या थरांत सूक्ष्मास्त्रे (दगडाची बारीक हत्यारे) व ताम्रपाषाणयुगीन रंगीत खापरे मिळाली. त्यांचा काळ स्थूलमानाने इ.स.पू. दुसऱ्या सहस्रकाचा उत्तरार्ध धरतात. वरच्या थरांत उत्तरेकडील काळी चकचकीत मृद्भांडी आणि त्यानंतरची तांबडी झिलईदार मृद्भांडी आढळली. यावरून नाशिक ‘साडेतीन हजार वर्षे अखंड नांदते गाव’ आहे असे फेऱ्यांमध्ये सांगितले जाते. ते सावधपणे घ्यावयास हवे. दख्खनमधील बहुतेक जोर्वे स्थळे (जोर्वे येथील खापरांवरून ओळखल्या जाणाऱ्या ताम्रपाषाणयुगीन संस्कृतीची गावे) इ.स.पू. पहिल्या सहस्रकाच्या पूर्वार्धात ओस पडली आणि ऐतिहासिक काळातील वस्ती त्यानंतर मध्ये काही खंड पडून सुरू झाली. नाशिकही त्याला अपवाद नसावे. अखंड वस्तीचा दावा इ.स.पू. शेवटच्या शतकांपासून केला तर त्याला मजबूत आधार मिळतो: पतंजलीच्या महाभाष्यात ‘नासिक्य’ हे नगरनाम येते, टॉलेमी ‘नासिका’चा उल्लेख करतो, आणि पांडवलेण्यांच्या १८ क्रमांकाच्या चैत्यगृहावर नासिककरांनी दिलेल्या धंभिक गावच्या दानाचा लेख आहे. गढीच्या उभ्या कड्यात मातीचे थर, खापरांचे तुकडे आणि राखेचे पट्टे आजही उघड्या डोळ्यांनी दिसतात. दर पावसाळ्यात कडा ढासळतो, माथ्यावरील घरांना धोका निर्माण होतो आणि त्याबरोबर न वाचलेला पुरावा नदीत जातो. शहरातील कोणत्याही मंदिरापेक्षा या कड्याच्या जतनाची निकड अधिक आहे.

पंचवटीच्या बाजूची फेरी रामकुंडापासून सुरू होते. कुंडाचे बांधकाम चित्रराव खटारकर यांनी १६९६ मध्ये केल्याचे सांगतात. पुढे पेशव्यांच्या घराण्यातील गोपिकाबाईंनी त्याची दुरुस्ती केली. शेजारचे गंगा-गोदावरी मंदिर केवळ सिंहस्थात, म्हणजे बारा वर्षांनी उघडते. समोर पायऱ्या चढून कपालेश्वर. येथे शिवासमोर नंदी नाही.

नारोशंकराचे मंदिर, म्हणजे रामेश्वर, नारो शंकर राजेबहाद्दर यांनी १७४७ मध्ये बांधले. नारो शंकर या सुमारास झाशीचे सुभेदार होते आणि मालेगावचा भुईकोटही त्यांचाच. मंदिराला किल्ल्यासारखा तट व कोपऱ्यांवर मेघडंबऱ्या आहेत, त्या या पार्श्वभूमीवर पाहाव्यात. दर्शनी तटावर टांगलेली मोठी घंटा पोर्तुगीज बनावटीची असून १७३९ च्या वसई विजयानंतर ती येथे आली असे परंपरा सांगते. वसई मोहीम चिमाजी अप्पांची; तीतून मिळालेल्या घंटा मराठा सरदारांनी ठिकठिकाणच्या देवळांत बसविल्या. वाईजवळील मेणवलीच्या घंटेवर १७०७ हे साल आहे. नाशिकची घंटा याच मालिकेतली मानणे सयुक्तिक वाटते. ती नारो शंकरांच्या हाती नेमकी कोणत्या वाटेने आली, याविषयीच्या कथा मात्र कथा म्हणूनच सांगाव्यात.

काळाराम मंदिराच्या कालनिर्णयात १७८२, १७८८ व १७९० अशी साले निरनिराळ्या ग्रंथांत येतात. सरदार रंगराव ओढेकर यांनी जुन्या लाकडी देवळाच्या जागी रामशेजच्या दगडात हे मंदिर उभारले, आणि काम बारा वर्षे चालले, अशी परंपरा आहे. ती मान्य केली तर ही साले परस्परविरोधी न ठरता एकाच बांधकामाचे टप्पे ठरतात. हे स्पष्टीकरण अधिक ग्राह्य होय. मंदिराबाहेर २ मार्च १९३० रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांच्या नेतृत्वाखाली मंदिरप्रवेशाचा सत्याग्रह सुरू झाला. दादासाहेब गायकवाड हे त्याचे स्थानिक धुरीण. दरवाजे बंद ठेवण्यात आले, रामनवमीच्या रथावरून संघर्ष झाला, लढा काही वर्षे चालला. १३ ऑक्टोबर १९३५ ची येवल्याची धर्मांतर घोषणा या अनुभवानंतरची आहे. नुसत्या शिखराच्या उंचीवर बोलून येथून पुढे निघणारी फेरी अपुरी राहते. दरवाजासमोर थांबून हा इतिहास सांगितलाच पाहिजे.

पुलापलीकडे, उजव्या काठावर, अहिल्याबाई होळकर पुलाजवळ (पूर्वीचा व्हिक्टोरिया पूल) गंगाधर यशवंत चंद्रचूड यांनी १७५६ मध्ये बांधलेले सुंदरनारायण मंदिर आहे. तेथून सराफ बाजारातील पेशवेकालीन सरकारवाड्याकडे जातात. दगडी जोते, लाकडी खांब व महिरपी असलेल्या या वाड्याच्या पायऱ्या गावाच्या लेखी पुराचे मापही आहेत. गंगापूर धरणातून पाणी सुटले की नदीपात्रातील दुतोंड्या मारुतीच्या पायाला, कमरेला, छातीला पाणी लागल्याच्या बातम्या फिरतात. सरकारवाड्याच्या पायरीला पाणी लागले तर महापूर समजतात. १९६९ चा महापूर अजून सांगितला जातो. नंतर २००८, २०१६ व २०१९ मध्येही काठची दुकाने व देवळे पाण्यात गेली. पुराची ही मापे बरोबर घेऊन चालले की वाडे टेकांवर का सरकले आणि घाट इतके रुंद का, हे वेगळे सांगावे लागत नाही.

खासगी वाड्यांत प्रवेश मालकाच्या परवानगीवर अवलंबून असतो, त्यामुळे बरेचदा दिंडी दरवाजातून दिसेल तेवढेच पाहायला मिळते: देवडी, चौक, ओसरीचे सुरूच्या आकाराचे खांब आणि त्यांखालचे दगडी तळखडे. खांबाच्या माथ्याशी केळफुलाची नक्षी असते. वर पाहिले तर कडीपाट: तुळयांवर कड्या, कड्यांवर फळ्या, त्यावर माती. ज्या वाड्याची एक भिंत पडली आहे तेथे पांढऱ्या मातीच्या कच्च्या विटा व लाकडी सांगाडा यांची बांधणी उघडी दिसते. भार लाकडावर आहे हे तेथे जसे समजते तसे धड उभ्या वाड्यात समजत नाही. मालकी हक्कांचे तंटे, जुनी भाडी आणि पावसाळ्यात मिळणाऱ्या धोकादायक इमारतीच्या नोटिसा यांमुळे असे वाडे झपाट्याने कमी होत आहेत.

फेरीतील खास नाशिककडची गोष्ट म्हणजे रहाड. तिवंधा, दिल्ली दरवाजा, शनी चौक इत्यादी ठिकाणी रस्त्याखाली दगडी हौद आहेत. त्यांतील काही पेशवेकालीन मानले जातात. वर्षभर ते फळ्या व मातीने झाकून त्यांवरून रहदारी चालते आणि रंगपंचमीला उघडून रंगाने भरतात. मार्गदर्शक चौकात थांबून पायाखाली बोट दाखवतो तेव्हा बाहेरगावच्या माणसाला ते खरे वाटत नाही. गल्लीतला एखादा रहिवासी पुढे येऊन कोणाच्या मानाची पूजा असते ते सांगू लागतो.

स्वातंत्र्यलढ्याशी संबंधित फेरीत तिळभांडेश्वर गल्लीतील अभिनव भारत मंदिर आणि विजयानंद नाट्यगृह ही ठिकाणे येतात. विजयानंदमध्ये २१ डिसेंबर १९०९ रोजी ‘शारदा’ नाटकाच्या वेळी अनंत कान्हेरे यांनी कलेक्टर जॅक्सनवर गोळ्या झाडल्या. कान्हेरे आणि त्यांचे साथीदार कर्वे व देशपांडे यांना १९ एप्रिल १९१० रोजी ठाण्याच्या तुरुंगात फाशी झाली.

गावापासून सुमारे ८ किमी.वरील पांडवलेणी (त्रिरश्मी डोंगर, २४ लेणी) स्वतंत्र फेरीचा विषय आहे. १९ व्या लेण्यात सातवाहन राजा कृष्ण याच्या काळातील लेख, १० व्या लेण्यात क्षत्रप राजा नहपान याचा जावई उषवदात याचे लेख, तर ३ ऱ्या लेण्यात सातवाहन राजा गौतमीपुत्र सातकर्णी याची आई गौतमी बलश्री हिचा प्रसिद्ध लेख आहे. उषवदाताने ३,००० कार्षापणे (त्या काळची नाणी) गोवर्धनातील विणकरांच्या दोन श्रेणींकडे (व्यावसायिक संघांकडे) कायम ठेव म्हणून ठेवली: २,००० दरमहा शेकडा १ व १,००० दरमहा शेकडा पाऊण या व्याजाने. नहपानाच्या काळाबद्दल मतभेद आहेत. लेखांतील ४१, ४२, ४५ ही वर्षे शक संवताची मानली तर तो काळ इ.स. ११९ ते १२४ येतो; ती राज्यवर्षे धरणारे अभ्यासक त्याला पहिल्या शतकात नेतात. १९०६ मध्ये नाशिकजवळ जोगलटेंभी येथे मिळालेल्या तेरा हजारांहून अधिक चांदीच्या नाण्यांपैकी बहुसंख्य नहपानाच्या नाण्यांवर गौतमीपुत्र सातकर्णीने पुन्हा छाप मारलेला आहे. म्हणजे दोघांमध्ये फार अंतर नसावे. पण एवढ्याने संवताचा प्रश्न सुटत नाही.

नाशिकमधील शरणपूर हा भाग फेऱ्यांच्या मार्गावर क्वचितच येतो. चर्च मिशनरी सोसायटीने १८५० च्या दशकात तेथे वसाहत स्थापिली आणि गुलामीतून सोडविलेल्या आफ्रिकी मुलांना शिक्षण व हातकाम दिले. आफ्रिकेचा संशोधक-प्रवासी डेव्हिड लिव्हिंगस्टन याच्या शेवटच्या प्रवासात सामील झालेले काही तरुण येथलेच. त्यांपैकी जेकब वेनराइट १८७४ मध्ये लिव्हिंगस्टनच्या लंडनमधील अंत्यविधीला हजर होता.