'कीचकवध' आणि खाडिलकरांचे दोन धंदे

कृष्णाजी प्रभाकर खाडिलकर म्हटलं की लोकांना आधी 'मानापमान' आणि 'स्वयंवर'मधली पदं आठवतात. त्या सुरांत त्यांच्यातला पत्रकार पार बुडून गेला. खरं तर सांगलीत १८७२ साली जन्मलेला हा माणूस आधी 'केसरी'चा होता. टिळकांच्या हाताखाली तो अग्रलेख लिहायला शिकला. मध्यंतरी नेपाळात जाऊन कौलांचा कारखाना काढला, तोही शस्त्रांच्या खटपटीला आडोसा म्हणून.

१९०५ मध्ये कर्झनने बंगाल तोडला. राजद्रोहाचं कलम डोक्यावर असताना त्यावर उघड लिहायचं किती? खाडिलकरांनी विराटपर्व उघडलं. १९०७ साली रंगभूमीवर आलेल्या 'कीचकवध'मध्ये ना व्हाइसरॉय, ना बंगाल. आहे तो उन्मत्त कीचक, त्याने छळलेली सैरंध्री म्हणजे अज्ञातवासातली द्रौपदी, 'थांबा, वेळ येऊ द्या' म्हणणारा धर्मराज आणि दात-ओठ खाणारा भीम. प्रेक्षकाला फोड करून सांगावी लागत नव्हती: कीचक म्हणजे कर्झन, द्रौपदी म्हणजे देश, धर्मराज मवाळ आणि भीम जहाल. 'लंडन टाइम्स'च्या चिरोलनेही नेमका हाच अर्थ लावला. पुढे टिळकांनी विलायतेत बदनामीचा दावा लावला, तो याच चिरोलवर.

१९०८ मध्ये टिळक मंडालेला गेले आणि 'केसरी'ची धुरा खाडिलकरांवर आली. डिसेंबर १९०९ मध्ये नाशिकला कलेक्टर जॅक्सनचा खून झाला, तोही नाटकाच्या थिएटरात, 'शारदा' पाहायला आला असताना. सरकार आता नाटकांकडे नुसती करमणूक म्हणून पाहणार नव्हतं. १९१० मध्ये 'कीचकवध'वर बंदी आली. हत्यार होतं १८७६ चा नाट्यप्रयोगांचा कायदा.

त्याच सुमारास 'केसरी'ही सुटला आणि खाडिलकर संगीत नाटकाकडे वळले. १९११ ला 'मानापमान', १९१६ ला 'स्वयंवर'. सरकारला वाटलं असेल, बरं झालं, गाण्यात रमला. पण १९२१ मध्ये बालगंधर्व आणि केशवराव भोसले यांनी मिळून जो संयुक्त 'मानापमान' केला, त्याचं उत्पन्न गेलं टिळक स्वराज्य फंडाला. दोन वर्षांनी खाडिलकरांनी मुंबईत 'नवाकाळ' काढला. आणि १९२९ मध्ये राजद्रोहाखाली तुरुंगात गेले, ते नाटकापायी नव्हे, 'नवाकाळ'मधल्या लिखाणापायी.